संत्र्याचे सरबत कडू का झाले

वाई,
२४ मार्च

चि. बाळास अनेक उत्तम आशीर्वाद.

रविवारी खोलीवरच्या मित्रांसाठी तू मोठ्या हौसेने संत्रे घालून लिंबाचे सरबत केलेस, दुपारी चाखले तेव्हा ते छान गोड होते, आणि संध्याकाळी फ्रीजमधून काढले तर इतके कडू झाले होते की सगळे मोरीत ओतावे लागले, हे काल तू फोनवर सांगितलेस तेव्हा मला फार चुटपुट लागली. या गोष्टी फोनवर नीट सांगून होत नाहीत, म्हणून आज दुपारी सवडीने लिहायला बसले आहे. हे पत्र ओट्याजवळच्या फळीवर ठेव.

मित्रांना वाटले तशी संत्री वाईट नव्हती. मार्चमध्ये तुमच्या नागपुरात मिळतात ती मृग बहाराची, म्हणजे पावसाळ्याच्या सुरुवातीला येणाऱ्या फुलांची संत्री, आणि सरबतासाठी त्यांच्याहून चांगले फळ मला तरी माहीत नाही. घोटाळा झाला तो मिक्सरमुळे. संत्र्याच्या बियांत, फोडींवरच्या पातळ पापुद्र्यात आणि सालीखालच्या पांढऱ्या भागात एक द्रव्य असते, जे फळ अखंड असेपर्यंत मुळीच कडू नसते. मिक्सरच्या पात्याने बिया आणि पापुद्रे फुटले की ते रसात उतरते, आणि रसाच्या आंबटपणामुळे काही तासांत त्याचे लिमोनिन नावाच्या अतिशय कडू पदार्थात रूपांतर होते. म्हणून दुपारी गोड लागलेला रस संध्याकाळी कडू झाला, आणि त्यात तू चार लिंबे आधीच पिळून ठेवली होतीस, त्यामुळे आंबटपणा वाढून हे काम आणखी लवकर झाले. रस उकळला तरी हेच होते. नागपुरी संत्र्याचा रस बाटलीत भरून टिकवू पाहणाऱ्या कारखान्यांनाही ही अडचण येते, तेव्हा तू मनाला लावून घेऊ नकोस.

पुढच्या वेळी संत्री सोलून फोडी सुट्या कर, त्यांच्यावरच्या पांढऱ्या शिरा ओढून काढ, प्रत्येक फोड पोटाशी चिरून बिया काढून टाक, आणि मग त्या फोडी ओल्या मलमलच्या फडक्यात घालून हाताने पिळ. चार जणांच्या सरबताला यात वीस मिनिटे जातात, पण पापुद्रा फाटून रसात जात नाही. पाव लिटरच्या एका पेल्याला साधारण १०० मिलिलिटर संत्र्याचा रस, एका कागदी लिंबाचा रस, दीड मोठा चमचा पाक, चिमूटभर मीठ आणि उरलेले थंड पाणी, एवढे प्रमाण धर. मिठाला कंटाळून ते वगळू नकोस, कारण त्या चिमटीमुळे फळाची गोडी वर येते आणि थोडाफार कडवटपणा असलाच तर तो दबतो. तुझे काम दिवसभर उन्हात उभे राहण्याचे आहे, त्या दृष्टीनेही ते पोटात गेलेले मला हवे आहे. हे सरबत केल्यावर अर्ध्या तासात पिऊन संपवायचे, ठेवायचे नाही.

साखर पेल्यात घालून ढवळत बसण्याची तुझी सवय सोड. गार पाण्यात साखर लवकर विरघळत नाही, तळाशी बसते, आणि मग पहिला घोट आंबट व शेवटचा घोट पाकासारखा लागतो. दोन वाट्या साखर आणि एक वाटी पाणी मंद आचेवर ठेव, साखर पूर्ण विरघळून एक उकळी आली की उतरव, तार येऊ देऊ नकोस. उतरवताना त्यात लिंबाच्या रसाचे पाच-सहा थेंब घातले म्हणजे तो पाक बाटलीत पुन्हा साखर धरत नाही. गार करून कोरड्या बाटलीत भरून फ्रीजमध्ये ठेवलास तर दोन-तीन आठवडे पुरेल, आणि कामावरून दमून आलास तरी पाच मिनिटांत पेला तयार होईल.

लिंबाच्या बाबतीतही तीच काळजी घे. फ्रीजमधले लिंबू लगेच कापू नकोस, थोडा वेळ बाहेर ठेवून ओट्यावर तळहाताने दाबून फिरव, मग आडवे काप आणि गाळणीवर धरून हलक्या हाताने पिळ. चांगल्या कागदी लिंबातून एक मोठा चमचा, म्हणजे १५ मिलिलिटरच्या आसपास रस निघतो. शेवटचा थेंब काढण्यासाठी साल उलटी होईपर्यंत पिळले तर सालीचा कडूपणाही त्याच्याबरोबर येतो. लिंबाचा खरा सुगंध मात्र सालीच्याच वरच्या पिवळ्या थरातल्या तेलात असतो, म्हणून पाहुणे येणार असतील तेव्हा एका लिंबाची नुसती वरची साल बारीक किसणीवर किसून चमचाभर साखरेत बोटांनी चोळ आणि ती साखर सरबतात घाल. पांढरा भाग किसला जाऊ देऊ नकोस.

होळीला आलास तेव्हा नेलेली स्ट्रॉबेरीची बाटली चार दिवसांत संपली म्हणालास, आणि ती कशी करायची हेही विचारलेस. महाबळेश्वर-पाचगणीच्या स्ट्रॉबेरीला २०१० मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, पण आम्ही वाईकर पसरणीच्या घाटातून उतरणाऱ्या त्या पेट्या त्याआधीपासून घरी आणत आलो आहोत, आणि आता एप्रिल येईल तसा तो हंगाम उतरणीला लागेल. सरबताला मोठी, दिसायला देखणी फळे घ्यायची नाहीत. बारीक, पूर्ण लाल, किंचित मऊ झालेली आणि स्वस्त मिळणारी घ्यायची. एक किलो फळे आधी धुऊन, निथळून, मग देठ काढून (देठ आधी काढले तर फळात पाणी शिरते) अर्धी चिरायची, काचेच्या भांड्यात त्यांचे आणि पाऊण किलो साखरेचे थरावर थर द्यायचे आणि झाकून रात्रभर फ्रीजमध्ये ठेवायचे. साखर फळातला रस स्वतःकडे ओढून घेते, आणि सकाळी लालभडक रसात फळे तरंगताना दिसतात. तो रस न दाबता गाळून घ्यायचा. उरलेल्या फोडी पोळीबरोबर खायच्या. बरेच जण हा रस आटवतात, कारण त्याने तो जास्त टिकतो, पण आटवलेल्या रसाला जॅमचा वास येतो आणि न आटवलेल्याला फळाचा, आणि मला फळाचाच हवा असतो. फ्रीजमध्ये तो आठवडाभर राहतो, बर्फाच्या खणात कित्येक महिने. पिताना पेल्यात तीन मोठे चमचे हा रस, एक लिंबू, मीठ आणि पाणी. वेगळा पाक लागत नाही.

लिंबू मात्र पेल्यातच पिळायचे, बाटलीत आधी मिसळून ठेवायचे नाही. स्ट्रॉबेरीचा लाल रंग नाजूक असतो. लिंबातल्या क जीवनसत्त्वाबरोबर तो फार दिवस ठेवला तर हळूहळू उडून विटकरी होतो. त्या रंगाच्या बाबतीत मी एकदा फार मोठी चूक केली होती. तू तेव्हा दुसरीत होतास. एका फळप्रक्रिया वर्गात लिंबाचे स्क्वॅश टिकवण्यासाठी पोटॅशियम मेटाबायसल्फाइट घालायला मी शिकले आणि घरी येऊन तेच स्ट्रॉबेरीच्या बारा बाटल्यांत घातले. बघता बघता सगळा लाल रंग फिका पडून पेंढ्यासारखा पिवळट झाला, आणि मी त्या बाटल्यांसमोर रडले होते. पुढे कळले की त्या पावडरीतून निघणारा गंधकाचा वायू लाल फळांचा रंग घालवतो, म्हणून त्यांच्यासाठी सोडियम बेंझोएट वापरतात. घरच्या दोन बाटल्यांना यांतले काहीच लागत नाही, फ्रीज पुरेसा आहे. तरीही कोणी हौसेने तुला ती पावडर दिली तर लाल रसात घालू नकोस.

आता उन्हाळा वाढेल तशी संत्री जातील आणि बाजारात कलिंगडे दिसू लागतील. कलिंगडाला स्वतःचा आंबटपणा जवळजवळ नसतो, म्हणून त्याला लिंबाची खरी गरज आहे. गर बिया काढून चाळणीवर घोटायचा, पाऊण पेला रसाला अर्धे लिंबू, पादेलोण, पुदिन्याची चार पाने, पाणी नाही, साखर बहुधा नाही, आणि लगेच प्यायचे. अननस आणि डाळिंब यांचेही असेच, फक्त डाळिंबाचे दाणे मिक्सरमध्ये नुसते एकदाच फिरवून गाळ, बी भरडली गेली की तुरट होते.

जूनमध्ये जांभळे आली की मात्र आवर्जून कर, कारण त्यात बघण्यासारखे काहीतरी आहे. पिकलेली जांभळे मीठ आणि थोडे पाणी घालून हाताने कुस्करून बिया वेगळ्या कर, गर गाळ, तो काळपट जांभळा रस काचेच्या पेल्यात घे आणि त्यात लिंबू पिळ. तुझ्या डोळ्यांदेखत त्याचा रंग उजळून लालसर किरमिजी होईल. जांभळातले अँथोसायनिन नावाचे रंगद्रव्य आंबटाच्या संगतीत लाल होते, आणि खाण्याच्या सोड्याच्या पाण्याने उलट निळसर-हिरवट. लहानपणी हा पेला खिडकीत उजेडापुढे धरून तू मला हाक मारायचास, ते मी विसरलेले नाही.

कोकम, कैरी आणि आवळा यांच्या सरबतात लिंबू पिळू नकोस. या फळांचा आंबटपणा त्यांचा स्वतःचा असतो, प्रत्येकाचा वेगळा, आणि लिंबू पडले की ते तिन्ही एकसारखे लागायला लागतात. हल्ली पन्ह्यातही लिंबू घालतात हे मला अजिबात पटत नाही.

तू फ्रीजमध्ये आणून ठेवतोस त्या बाटल्यांवरचे लेबल एकदा वाच. आपल्याकडच्या नियमाप्रमाणे फळांच्या तयार पेयात फळाचा अंश किमान १० टक्के असावा लागतो, लिंबाच्या पेयात ५ टक्के, आणि नुसता कृत्रिम स्वाद लिहिलेला असेल तर तेवढाही नसतो. वर सांगितलेल्या संत्र्याच्या पेल्यात तो ४० टक्क्यांच्या वर आहे. तुझ्या पैशांत तुला फळ मिळावे असे मला वाटते.

लिंबे एप्रिल-मेमध्ये महाग होतील, त्याने हिरमुसू नकोस. उन्हाळ्यात येणारे लिंबू हस्त बहाराचे, म्हणजे पावसाळा सरताना येणाऱ्या फुलांचे असते. ती फुले यावीत म्हणून झाडाला ज्या दिवसांत पाण्याचा ताण द्यावा लागतो, म्हणजे पाणी तोडावे लागते, ते दिवस नेमके पावसाचे असतात, त्यामुळे तो थोड्याच बागांना साधतो. आंबे बहाराचे, म्हणजे हिवाळा सरताना येणाऱ्या फुलांचे लिंबू जुलै-ऑगस्टमध्ये भरपूर येते आणि स्वस्त होते. तेव्हा पन्नास लिंबे आणून रस गाळून बर्फाच्या साच्यात गोठव आणि त्या वड्या पिशवीत भरून ठेव, एक वडी म्हणजे एक लिंबू.

बाबांनी उद्याच्या पार्सलमध्ये लिंबू पिळायचा स्टीलचा चिमटा, बारीक गाळणी आणि मलमलची दोन फडकी घातली आहेत. आजीचे पितळेचे पातेले तू मागितले होतेस, ते या कामासाठी पाठवत नाही, कारण त्याची कल्हई गेली आहे आणि त्यात आंबट ठेवले तर कळकते. काच किंवा स्टील वापर. फडकी वापरल्याबरोबर साबण न लावता गरम पाण्यात धुऊन उन्हात वाळव, साबण लागला तर पुढच्या रसाला त्याचा वास येतो. रविवारी संत्र्याचे पुन्हा करशील तेव्हा फोन कर, आणि संध्याकाळसाठी मुद्दाम अर्धा पेला ठेवून बघ, म्हणजे कडूपणा आला की नाही ते कळेल.

तुझी,
आई