ईशानला तिकडे पाठवण्याबाबत

गंगापूर रोड, नाशिक
ऑगस्ट २०२५

तीर्थरूप आई-बाबा यांस,
साष्टांग नमस्कार.

बाबा, तुमचे पत्र मिळाले आणि आईशी रविवारी फोनवर बोलणेही झाले. सातवी संपली की माझ्या ईशानला अमेरिकेत एडिसनला तुमच्याकडे पाठवावे, त्याच्याकडे तिकडचा पासपोर्ट आहेच, घराजवळची शाळा चांगली आहे आणि पालकत्वाचे कागद करून घेण्याचीही तुमची तयारी आहे, हे सगळे मी तुमच्या जावयांना वाचून दाखवले. फोनवर या विषयाचा निकाल लागत नाही, कारण आईला रडू येते आणि माझा आवाज चढतो. म्हणून उत्तर लिहूनच पाठवते आहे. ते 'नको' असे आहे. मात्र त्याची कारणे तुम्ही समजता ती नाहीत, आणि ती सविस्तर सांगितल्याशिवाय नुसता नकार कळवणे मला बरे वाटत नाही.

१९९१ मध्ये, काकांनी कित्येक वर्षांपूर्वी भरलेला अर्ज मंजूर होऊन आपण जर्सी सिटीत पोचलो, तेव्हा मी अकरा वर्षांची होते आणि सारडा कन्यातून पाचवी करून आले होते. त्या वर्षाची तुमची एक ठरलेली कहाणी आहे, जी तुम्ही येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगता: मुलगी आधी गप्प होती, मग भराभर इंग्रजी बोलू लागली आणि बघता बघता वर्गात पुढे गेली. ती खोटी नाही, पण ती उंबऱ्याच्या अलीकडून पाहिलेली आहे. गणितात मी वर्गाच्या पुष्कळ पुढे होते, तरी पहिल्याच चाचणीत माझी बरीच उत्तरे चूक ठरली, कारण मोठी संख्या लिहिताना मी स्वल्पविराम लाखावर आणि कोटीवर देत होते आणि तिथल्या बाईंना तो तीन-तीन आकड्यांनंतर हवा होता. हे समजावून सांगण्याइतके इंग्रजी माझ्यापाशी नव्हते, म्हणून मी लाल रेघा मुकाट्याने दप्तरात घातल्या. परक्या भाषेच्या शाळेत आलेली बरीच मुले सुरुवातीचे काही महिने अशीच गप्प राहून नुसते ऐकत असतात, हे शिक्षकांना आता चांगले ठाऊक आहे. टोरांटोचे भाषाशिक्षणतज्ज्ञ जिम कमिन्स यांनी तर दाखवून दिले की खेळण्याबोलण्यापुरती भाषा मुलाला साधारण दोन वर्षांत येते, पण पाठ्यपुस्तकाची भाषा बरोबरीच्या मुलांइतकी यायला पाच ते सात वर्षे लागतात. मी फडाफडा बोलू लागले आणि तुम्ही निश्चिंत झालात. इतिहासाच्या पुस्तकाशी माझी झटापट पुढे अकरावीपर्यंत चालू होती.

तरी मी नशिबाची म्हणायची. रोज तासभर आम्हा नव्या मुलांना वेगळ्या वर्गात नेऊन इंग्रजी शिकवत, आणि तो वर्ग कोणाच्या मेहेरबानीने चालत नव्हता, हे मला कॉलेजात गेल्यावर कळले. सॅन फ्रान्सिस्कोमध्ये इंग्रजी न येणारी सुमारे १,८०० चिनी मुले कोणत्याही मदतीशिवाय वर्गात नुसती बसून राहत होती. त्यांच्या पालकांनी दावा लावला आणि १९७४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की सगळ्यांना एकच पुस्तक आणि एकच शिक्षक दिला म्हणजे समान वागणूक झाली असे नव्हे. कुठल्या तरी चिनी आईबापांनी कोर्टाची पायरी चढली म्हणून नाशिकच्या एका मुलीला तो तास मिळाला, याची मला आजही गंमत वाटते.

आई, तुला गॅसच्या बिलाचा तो फोन आठवत असेल. बिल जवळजवळ दुप्पट आले होते, बाबा गोदामात दुसऱ्या पाळीला गेले होते आणि कंपनीतील बाई खातेदाराखेरीज कोणाशी बोलायला तयार नव्हत्या. कालनिर्णयच्या मागच्या पानावर तू तुझी जन्मतारीख आणि सोशल सिक्युरिटीचा नंबर लिहून ठेवला होतास, तो माझ्यासमोर धरून तू उभी होतीस आणि मी बारा वर्षांची मुलगी 'मीच बोलते आहे' असे सांगत होते. मध्येच तू पदर तोंडाला लावून खूण केलीस, 'आवाज जाड कर'. बिल कमी झाले, आपण दोघी पोट धरधरून हसलो आणि त्या दिवसापासून घराचे सगळे फोन माझ्याकडे आले. घरमालक, विमा, दवाखान्यातील वेळ, बाबांच्या परवान्याचा अर्ज. परदेशात गेलेल्या बहुतेक घरांत हे काम मुलेच करतात आणि त्यातून ती हुशार, धीट होतात, हे खरे आहे. पण घरात पैसे किती कमी आहेत आणि डॉक्टरांना कसला संशय आहे, हे त्या मुलाला आईवडिलांच्या आधी कळते, हेही तितकेच खरे आहे.

आणि तुझी टिकली. आपण पोचण्याच्या चारच वर्षे आधी, १९८७ मध्ये, जर्सी सिटीत स्वतःला 'डॉटबस्टर्स', म्हणजे टिकलीवाल्यांना ठोकणारे, म्हणवणाऱ्या टोळक्याने भारतीयांना धमक्या दिल्या होत्या, मारहाणीचे प्रकार झाले होते, आणि शेजारच्या होबोकनमध्ये नवरोझ मोदी यांचा जमावाच्या मारहाणीत जीव गेला होता. तू मला यातले एक अक्षर सांगितले नाहीस. पण बाहेर पडताना टिकली काढून पर्सच्या आतल्या बाजूला चिकटवायची आणि परतताना लिफ्टमध्ये पुन्हा लावायची, हे मी रोज पाहत होते. मुलांना सांगितले नाही म्हणून कळत नाही, असे मोठ्यांनाच वाटते.

हे वाचून तुम्ही म्हणाल की ईशानला यातले काहीच सोसावे लागणार नाही. बरोबर आहे. त्याचे इंग्रजी माझ्या त्या वेळच्या इंग्रजीपेक्षा कितीतरी चांगले आहे आणि एडिसनला आज वाणसामानाच्या दुकानातही मराठी कानावर पडते. माझी भीती वेगळी आहे. मला वर सांगितलेले सगळे निभावता आले, कारण संध्याकाळी दार उघडणारे तुम्ही होतात. तुम्हीही तितकेच बावचळलेले होतात, कधी माझ्याहून जास्त, पण आपण तिघे एकत्र बावचळलो होतो. ईशान एकटा येणार आहे.

एकट्याने पाठवलेल्या मुलांचा इतिहास मी अलीकडे पुष्कळ वाचला, आणि त्यात 'मुलांच्या भल्यासाठी' हे शब्द इतक्या वेळा येतात की आता ते दिसले की मी सावध होते. १८६९ पासून पुढे कित्येक दशके ब्रिटनमधून एक लाखाहून अधिक मुले कॅनडाला पाठवली गेली. त्यांतली बहुतेक अनाथ नव्हती, गरीब होती. पाठवणाऱ्या संस्थांचा हेतू परोपकाराचा होता, यावर माझा विश्वास आहे. पण इकडे गरिबांच्या पोरांचा खर्च वाचत होता आणि तिकडे शेतावर राबायला हात हवे होते, हेही सगळ्यांना ठाऊक होते. १९२४ मध्ये ब्रिटनच्या मजूर पक्षाच्या नेत्या मार्गारेट बॉन्डफिल्ड यांच्या समितीने कॅनडात जाऊन पाहणी केली, आणि पुढच्या वर्षी आईवडिलांशिवाय येणाऱ्या चौदा वर्षांखालील मुलांना कॅनडाने प्रवेश थांबवला. ऑस्ट्रेलियाला मात्र मुले नंतरही जात राहिली. त्यांतल्या अनेकांना आईवडील वारल्याचे खोटेच सांगितले होते. १९८६ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या एका बाईंनी आपले मूळ शोधण्यासाठी नॉटिंगहॅमच्या समाजसेविका मार्गारेट हम्फ्रीज यांना पत्र लिहिले, तेव्हा कुठे हा प्रकार उजेडात येऊ लागला. ऑस्ट्रेलियाच्या पंतप्रधानांनी २००९ मध्ये आणि ब्रिटनच्या पंतप्रधानांनी २०१० मध्ये जाहीर माफी मागितली. तोवर ती मुले म्हातारी झाली होती.

क्यूबाची गोष्ट तुमच्या प्रस्तावाच्या अधिक जवळची आहे, कारण तिथे पाठवणारे आईबाप प्रेमळ होते आणि घरे खाऊनपिऊन सुखी होती. १९६० च्या डिसेंबरपासून १९६२ च्या ऑक्टोबरपर्यंत चौदा हजारांवर मुले आईबापांशिवाय विमानाने मायामीला गेली. कास्त्रोची राजवट आपली मुले आपल्यापासून काढून घेईल या धास्तीने लोकांनी ती पाठवली, आणि थोड्या महिन्यांचाच प्रश्न आहे अशी स्वतःची समजूत घातली. मग क्यूबातल्या रशियन क्षेपणास्त्रांवरून अमेरिकेशी संकट उभे राहिले, विमाने बंद झाली आणि अनेक मुलांना आईबाप पुन्हा दिसायला वर्षे लागली. माणूस ठरवतो एक आणि होते भलतेच, हे २०२० च्या टाळेबंदीत आपणही अनुभवले आहे. हिटलरच्या जर्मनीतून सुमारे दहा हजार मुले ब्रिटनला पाठवणाऱ्या आईबापांना मी या रांगेत बसवणार नाही, कारण त्यांच्यापुढे दुसरा मार्गच नव्हता. आपल्यापुढे आहे.

याच्या उलट उदाहरण आपल्या महाराष्ट्रातले आहे. दुसऱ्या महायुद्धात सायबेरियातून सुटून इराणमार्गे आलेले सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित १९४३ ते १९४८ या काळात कोल्हापूरजवळ वळिवड्याला राहिले. त्यात बहुतांश बायका आणि मुले होती. त्या मुलांनी उपासमार आणि मरण डोळ्यांनी पाहिले होते, तरी त्यांतल्या अनेकांनी म्हातारपणी वळिवड्याची आठवण आनंदाने काढली. माझ्या मते कारण सरळ आहे. तिथे पुष्कळांच्या आया सोबत होत्या, शाळा त्यांच्या भाषेत होती, चर्च होते, आणि संध्याकाळी ज्यांच्याशी बोलायचे ती माणसे एकाच वाटेने आलेली होती. आपल्या देवळालीला फाळणीनंतर आलेल्या सिंधी घरांतले म्हातारे लोकही लहानपणाबद्दल साधारण असेच बोलतात. घर गेले, गाव गेले, पण घरातली माणसे बरोबर होती.

बाबा, तुम्ही लिहिले आहे की द्राक्षाचे कलम कोवळे असतानाच करावे लागते. तुम्ही पिंपळगावच्या मामांच्या बागेत वाढलात, तेव्हा तुम्हाला मी काय सांगावे. पण मामा आधी डॉगरिज या काटक जातीचा खुंट जमिनीत नीट रुजू देत आणि मगच त्यावर थॉमसन या खायच्या द्राक्षाचे कलम बांधत. तुम्ही दोघे चौऱ्याहत्तर आणि सत्तर वर्षांचे असताना तो खुंट कोण होणार?

आता जे लिहिते ते लिहावे की नाही, याचा मी बराच विचार केला. मला वाटते, ईशानचे शिक्षण हे निमित्त आहे आणि तुमचे रिकामे घर हे कारण आहे. गेल्या हिवाळ्यात आई जिन्यात पडली, तेव्हा शेजारी आले म्हणून बरे, असे तुम्ही स्वतःच म्हणाला होतात. घरात एक धावतेपळते मूल असावे, औषधे आणून द्यावीत, फोनवर दवाखान्याची वेळ घ्यावी, ही इच्छा स्वाभाविक आहे आणि तिच्यात लाजण्यासारखे काही नाही. पण तसे झाले तर कालनिर्णयच्या मागचे ते पान ईशानच्या हातात जाईल, आणि त्या वेळी माझ्या मागे जशी तू उभी होतीस, तसे त्याच्या मागे आम्ही नसू. तुमच्या एकटेपणाची काळजी घेणे हे माझे काम आहे. ते मी माझ्या मुलाकडे ढकलणार नाही.

ईशानला मी विचारले. तुम्ही मला विचारले नव्हते, आणि १९९१ च्या नाशकात कोणी अकरा वर्षांच्या मुलीला विचारतही नव्हते, म्हणून त्याबद्दल माझी तक्रार नाही. त्याने आधी तिथे मांजर पाळता येईल का ते विचारले, मग क्रिकेटचे विचारले, आणि रात्री जेवताना आपणहून म्हणाला, "सुट्टीत दोन महिने चालेल, पण शाळेसाठी नको. आणि आई आली तर." त्याचे हे उत्तर मला पुरेसे स्पष्ट वाटते.

तेव्हा माझे म्हणणे असे. पुढच्या मे महिन्यात मी आणि ईशान दोघे दोन महिन्यांसाठी तुमच्याकडे येतो. दहावीनंतर त्याला तिकडे शिकायचे असेल, तर त्या वेळी तो स्वतः ठरवील आणि मी पहिले वर्षभर रजा घेऊन सोबत राहीन. तुमच्या जावयांशी याबद्दल बोलून झाले आहे. त्याआधी या डिसेंबरात तुम्ही दोघे इकडे या, आणि परतीचे तिकीट काढण्याची घाई करू नका. तळमजल्याची खोली मोकळी आहे आणि आईला जिना चढावा लागणार नाही. सिंहस्थाच्या कामांसाठी रस्ते खणलेले आहेत, तेवढा त्रास सोसावा लागेल. आईचा गुडघ्याचा एक्स-रे आणि बाबांच्या औषधांची यादी आधी पाठवा, म्हणजे इथल्या डॉक्टरांची वेळ घेऊन ठेवता येईल. त्या शाळेचा अर्ज मात्र भरू नका, आणि वकिलांना आगाऊ पैसे दिले असतील तर किती ते कळवा.

कळावे,
आपली,
माधवी