मुक्तीची तक्रार आलीय शाळेतून

सोलापूर
रविवार, रात्री

प्रिय शैले,

फोन नाही, पत्र नाही म्हणून शिव्या घालत असशील. घाल. माझी शुगर ठीक, ह्यांची पाठ आहे तशीच. पुढे वाच.

मुक्तीची तक्रार आलीय. हमिंगबर्ड फुलातला रस कसा पितो, यावरून. बाईंनी सांगितलं, जिभेच्या बारीक नळ्यांतून रस आपोआप चढतो, केशाकर्षण. ही उठून म्हणते, ती 1833 सालची समजूत आहे! बाई तापल्या, आपलं कार्टं गप्प बसेना. भोसले सरांनी तुला वर्गाबाहेर काढलं होतं ना, तेव्हाचं तुझं तोंड घेऊन घरी आली.

आणि पोरगी खरं बोलतेय गं. मी सगळं वाचून काढलं. जिभेचं टोक दुभंगलेलं, दोन्ही फाट्यांना पन्हळ. जीभ बाहेर पडताना चोचीत दाबून चपटी होते. रसात शिरली की दाबलेली पन्हळ उसळून फुगते आणि रस आत ओढून घेते. टोकाची झालर मागे येताना मिटते, रस धरून ठेवते. हे सेकंदाला 15-20 वेळा! रिको-ग्वेव्हारा आणि रुबेगा या संशोधकांनी झालरीचं 2011 मध्ये दाखवलं. पन्हळीचं 2015 मध्ये, 18 जातींचं चित्रीकरण करून. केशाकर्षणाला एवढा वेग झेपत नाही. मुक्तीनं ह्यांच्या औषधाचा ड्रॉपर दाबून सोडून दाखवला. निम्मं औषध ओट्यावर.

(कंबर तलावापाशी तू दाखवायचीस तो हमिंगबर्ड नव्हेच, शिंजीर. हमिंगबर्ड उत्तर-दक्षिण अमेरिका खंडांबाहेर नसतात. भांडायचं तर इकडे ये.)

शनिवारी बोलावलंय मला. हे म्हणतात, माफी मागून मोकळी हो, मार्क महत्त्वाचे. पुस्तकातलंच लिही म्हणू तिला? तू त्यानंतर दहावीपर्यंत हात वर केला नाहीस, शेजारी मीच बसायचे. बाई वाईट नाहीत, वर्गभर पोरं सांभाळतात एकट्या. छापील कागद पुढे ठेवले तर जाब विचारायला आल्यासारखं दिसेल. नाही ठेवले तर घरी आल्यावर मुक्तीला काय सांगू? आणि सगळ्यांदेखत बोलली ते मला आवडलं, हे ह्यांना सांगायची सोय नाही.

तुझ्या बदलीचं काय झालं? सासूबाईंचा मोतीबिंदू उरकला असेल. बबनकाकांबरोबर शेंगाचटणी पाठवतेय. डबा परत दे, मागचाही तुझ्याकडेच आहे. आणि शुक्रवारच्या आत फोन कर, ह्यांच्या ऑफिसच्या वेळेत.

तुझी,
नंदी