आवाजाला नाव-गाव हवं

मा. संपादक,
स. न. वि. वि.

जुन्या नटांचे, गायकांचे आवाज हल्ली मोबाइलवर सतत येत असतात. ऐकताना डोळे भरून येतात, पण तो आवाज कुणी, कुठे, कधी टिपला हे सोबत कधीच नसतं. त्यासाठी हे पत्र.

पॅरिसला १९०० साली भरलेल्या जागतिक प्रदर्शनात ‘फोनो-सिनेमा-थिएटर’ नावाचा खेळ होता. कोकलँ हा तिथल्या रंगभूमीचा मोठा नट ‘सिरानो’ या नाटकाच्या नायकाच्या वेशात पडद्यावर दिसे आणि त्याचे संवाद फोनोग्राफ या आवाज टिपून ऐकवणाऱ्या यंत्रावरून ऐकू येत. बोलपटाच्या कितीतरी आधीची ही गोष्ट. कोकलँ १९०९ मध्ये गेला, तरी ती फिल्म आणि तो आवाज आजही आहे. त्याच प्रदर्शनात लेऑन आझुले हे डॉक्टर देशोदेशीच्या माणसांची बोली मेणाच्या नळकांड्यांवर उतरवून घेत होते. कोकलँला जग ओळखत होतं, या माणसांना कोण ओळखणार?

उत्तर दिलं फर्दिनां ब्रुनो या भाषेच्या प्राध्यापकाने. १९११ मध्ये ध्वनिमुद्रिका बनवणाऱ्या एमिल पाथेच्या मदतीने त्यांनी पॅरिसच्या सोरबोन विद्यापीठात आवाजांचा संग्रह उभारला. कवी अपोलिनेर १९१३ मध्ये तिथे स्वतःच्या कविता म्हणून गेला. पाच वर्षांनी तो वारला. पण मला जास्त मोलाचं वाटतं ते हे, की १९१२ मध्ये ब्रुनो ध्वनिमुद्रणाचं यंत्र घेऊन फ्रान्सच्या आर्देन भागातल्या खेड्यांत गेले. बोलणाऱ्याचं नाव, जन्मगाव, धंदा, शिक्षण हे सगळं कार्डावर लिहून ठेवायची त्यांची पद्धत होती. म्हणून तो आवाज आज अनोळखी राहिलेला नाही.

आपल्याकडे हे झालंच नाही असं नाही. मूळचे फ्रान्सचे गी पॉइतव्हँ आणि हेमा राईरकर यांनी पुण्यात राहून जात्यावरच्या लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. पुढे बर्नार्ड बेल या संशोधकाने १२० तासांहून अधिक गायन ध्वनिमुद्रित केलं. ओवीबरोबर गाणारीचं नाव आणि गाव नोंदवलेलं आहे. मुळशीच्या एखाद्या बाईचा गळा तिच्याच नावाने जगाला ऐकू येतो, हे केवढं काम आहे!

आमच्या घरी आजीच्या ओव्यांची एक कॅसेट आहे. मधेच दुसऱ्या दोघी गातात. त्या कोण, हे सांगणारं आता घरात कुणी उरलं नाही. तेव्हा कॅसेटच्या कव्हरवर दोन ओळी लिहायला पाच मिनिटंही लागली नसती.

आपणांस विनंती, की आपल्या पानांवर जुन्या कलावंताविषयी लिहाल तेव्हा त्याचा आवाज कुणी टिपला आणि तो कुठे ऐकायला मिळेल, हेही छापावं. वाचकांनी घरातल्या कॅसेट बाहेर काढाव्यात आणि ओळखणारी माणसं आहेत तोवर त्यांच्याजवळ बसून नावं लिहून घ्यावीत.

आपली,
एक वाचक, सातारा