अनुभवाची अट जाहिरातीतच स्पष्ट करा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

सरकारी खात्यांच्या आणि निगमांच्या अनेक तांत्रिक पदांसाठी ठरावीक वर्षांच्या अनुभवाची अट असते. पण तो अनुभव कोणत्या तारखेपर्यंतचा धरणार, आयटीआय किंवा पदविकेच्या आधीचा चालणार की नंतरचाच, आणि त्याला पुरावा कोणता लागणार, याबाबत जाहिरात पुष्कळदा मोघम असते. मग लेखी परीक्षेत वरच्या क्रमांकाने उत्तीर्ण झालेला मुलगा कागदपत्रांच्या पडताळणीत बाद होतो आणि वकिलाची पायरी चढतो.

यांपैकी तारखेचा प्रश्न तरी निकालात निघालेला आहे. नियमांत किंवा जाहिरातीत वेगळी तारीख दिली नसेल, तर अर्जाच्या अंतिम तारखेस उमेदवार पात्र असला पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये रेखा चतुर्वेदी प्रकरणात सांगितले. पदविकेच्या आधीचा अनुभव धरायचा की नाही, याला मात्र एकच उत्तर नाही. इंडियन एअरलाइन्सच्या २००१ च्या प्रकरणात शैक्षणिक पात्रतेनंतरचाच अनुभव ग्राह्य धरला गेला, तर त्याच्या आदल्याच वर्षी पदोन्नतीच्या एका प्रकरणात, नियमाची शब्दरचना पाहून, आधीची सेवाही चालेल असे ठरले. थोडक्यात, सारा खेळ नियमाच्या शब्दांवर आहे. औषध निरीक्षकांच्या भरतीसंबंधी महाराष्ट्र लोकसेवा आयोगाच्या प्रकरणात २०१९ मध्ये न्यायालयाने बजावले की पात्रता ठरवणे हे नियुक्ती करणाऱ्याचे काम आहे आणि जाहिरातीचे शब्द स्पष्ट असताना न्यायालय त्यांत भर घालणार नाही. त्यातच सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाच्या ७ नोव्हेंबर २०२४ च्या निकालाने, नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा नसेल तर भरती सुरू झाल्यावर पात्रतेचे निकष बदलण्यास मनाई झाली. म्हणजे जाहिरात लिहिताना राहिलेली ढिलाई नंतर खुलासा काढून सावरण्याची वाटही फारशी उरलेली नाही.

आपल्या बेळगाव भागात खरी अडचण पुराव्याची आहे. उद्यमबाग औद्योगिक वसाहतीतल्या एखाद्या छोट्या वर्कशॉपमध्ये सात-आठ कामगार असतात, पगार रोख मिळतो, हजेरी मालकाच्या वहीत असते. तीन-चार वर्षे लेथवर राबलेल्या मुलाच्या हातात शेवटी काय, तर लेटरहेडवरचा चार ओळींचा दाखला आणि त्यावर शिक्का! पडताळणीच्या टेबलावर त्याच्याकडे भविष्य निर्वाह निधीचा उतारा मागितला जातो. वास्तविक हा कायदा सर्वसाधारणपणे वीस किंवा अधिक कामगार असलेल्या आस्थापनांना लागू होतो आणि कर्मचारी राज्य विमा योजनेची मर्यादा दहा कामगारांची आहे. ज्या मालकावर कायद्याने ही नोंद ठेवण्याचे बंधनच नाही, त्याच्या कामगाराकडे ती मागणे कितपत न्याय्य आहे? सीमेपलीकडे महाराष्ट्रातल्या शिनोळीच्या कारखान्यात काम करून आलेल्या मुलांपुढे तर दाखला पलीकडच्या राज्यातला, त्याची खातरजमा कोण करणार, असा आणखी एक प्रश्न उभा राहतो. खोटे दाखले सर्रास विकत मिळतात हेही नाकारता येणार नाही, त्यामुळे पडताळणी कडक असण्याला माझा विरोध नाही. ती कशाच्या आधारे होणार हे आधी कळावे, एवढेच म्हणणे आहे.

असे स्पष्ट लिहिता येते. दिवाणी न्यायाधीशपदासाठी तीन वर्षांच्या वकिलीची अट पुन्हा लागू करताना सर्वोच्च न्यायालयाने २० मे २०२५ रोजी, हा काळ वकील म्हणून झालेल्या तात्पुरत्या नोंदणीपासून मोजावा, दाखला प्रधान न्यायिक अधिकाऱ्याचा किंवा त्याची सही असलेला, किमान दहा वर्षे वकिली झालेल्या वकिलाचा असावा, आणि आधीच सुरू झालेल्या भरतीला ही अट लागू होऊ नये, हे सारे निकालातच नमूद केले. अट योग्य की अयोग्य यावर मतभेद असतील, पण तिच्या अर्थाबद्दल वाद घालायला फारशी जागा ठेवलेली नाही.

सरकारी नोकरभरतीच्या तक्रारी कर्नाटक प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या बेळगाव पीठापुढे मांडता येतात आणि तिथून धारवाडला उच्च न्यायालयात जाता येते, ही सोय आहेच. पण तोवर वयोमर्यादा काही थांबत नाही. म्हणून अनुभवाचा दाखला नमुन्यासह जाहिरातीतच द्यावा, लहान वर्कशॉपसाठी पर्यायी पुरावा ठरवून द्यावा आणि अनुभवावरून अपात्र ठरलेल्यांची यादी कारणांसह लेखी परीक्षेच्या आधी लावून हरकती मागवाव्यात. बेळगावच्या सुवर्ण विधानसौधमध्ये कर्नाटक विधिमंडळाचे अधिवेशन भरते तेव्हा खानापूर, निपाणी आणि बेळगावच्या आमदारांनी ही मागणी सभागृहात मांडावी, अशी विनंती आहे.

आपला,
एक सेवानिवृत्त आयटीआय निदेशक, खानापूर