गणपतीला येत नाहीये

आई, बाबा,

साष्टांग नमस्कार. आधीच सांगून टाकते, तुतारी एक्सप्रेसचं तिकीट काल रद्द केलं. आई, लगेच डोळ्यांना पदर लावू नकोस, पुढचं वाच.

चाळीच्या पुनर्विकासासाठी महिन्याभरात खोलीची चावी द्यायची आहे. पुढे पाचशे चौरस फुटांचं घर मिळेल, त्याचा आनंद मलाही आहे. पण डिलाईल रोडच्या या एकशेसाठ फुटांत आपण सातजण राहिलो, ते मी करतेय त्या फिल्ममध्ये राहायला हवं. चाळीतला शेवटचा गणपती पुढच्या वर्षी कुठून आणू? ऑफिसनेही एवढीच रजा दिली.

बाबा, तुम्ही विचारलंत, "मोरीत बघण्यासारख्या काय आसा गो?" सोळा मिनिटांची फिल्म, त्यात गोष्ट अशी नाहीच. कॅमेरा एकाच जागी, जमिनीपासून दोन फुटांवर. पाटावर बसून मी अभ्यास करायचे, तेव्हा माझी नजर असायची तिथे. तिथून चेहरे दिसत नाहीत. पाय दिसतात, कळशी दिसते, पिंपाचं झाकण दिसतं. चित्र रिकाम्या खोलीचं, आवाज भरल्या घराचे: पहाटेचं पाणी, कुकर, आईची हाक.

८२चा गिरणी संप अडीच लाख माणसांचा, पण त्यावर एक शब्दही नाही. फक्त दाराजवळच्या खिळ्याला बाबांचा कडीचा डबा. आज ना उद्या गिरणी उघडेल म्हणून आई तो रोज घासून तिथेच लावायची. हे मला आत्याने सांगितलं, तुम्ही दोघांनी कधीच नाही. सकाळी खिडकीतलं ऊन त्या डब्यावर येतं आणि सरकून जातं, तेवढा वेळ मी काहीच हलवलं नाही.

आणखी एक. बाबा, तुमचा झोपेतला खोकला मी न विचारता फोनवर घेतला होता. तो फिल्ममध्ये ठेवलाय. मनाला लागलं तर नुसतं "नको" म्हणा, काढून टाकेन. पण हेडफोन लावून वीसदा ऐकला, तेव्हा कळलं किती वाढलाय. गिरणीच्या खात्यातला कापूस अजून छातीतच आहे तुमच्या. चतुर्थीच्या आधी कणकवलीला जाऊन एक्स-रे काढायचा. "बघू" चालणार नाही. पैसे पाठवलेत.

गणपतीवरची माटवी बांधायला स्टुलावर चढायचं नाही, वाडीतल्या पोरांना बोलवा. आई, बीपीची गोळी उपासालाही घ्यायची. माझ्या जेवणाची काळजी नको, समोरच्या काकू डबा देतात, आरतीला सगळी चाळ आहे. तुझ्या हातचे मोदक तेवढे नसतील.

दसऱ्याला नक्की येते. डबा घेऊन येईन, खिळाही.

तुमची,
बाय