चि. मृण्मयीस: ऑस्वाल्ड मॉरिसच्या रंगांविषयी

चि. मृण्मयी हिस,
अनेक आशीर्वाद.

चित्रीकरणाच्या वेळी वर्गातली बरीच मुले रंगाचा फारसा विचार करीत नाहीत, कारण हवा तो रंग नंतर संगणकावर देता येतो, असे तू लिहिले आहेस. माझी सारी नोकरी लॅबमध्ये प्रिंटांचे रंग जुळवण्यात गेली, तेव्हा माझे मत एकांगी असणारच. म्हणून वाद न घालता ऑस्वाल्ड मॉरिस या इंग्रज छायालेखकाने काय केले, तेवढे सांगतो.

1932 साली तो वेम्बलीच्या स्टुडिओत हरकाम्या पोऱ्या म्हणून लागला आणि पुढे क्लॅपर बॉय, म्हणजे प्रत्येक शॉटआधी पाटी वाजवणारा पोऱ्या, झाला. थिएटरांना ठरावीक प्रमाणात ब्रिटिश चित्रपट दाखवणे तेव्हा कायद्याने भाग होते आणि तो कोटा भरण्यासाठी स्वस्त चित्रपट झटपट उरकले जात. त्याचे शिक्षण त्या घाईतच झाले. महायुद्धात त्याने बॉम्बर विमान चालवले आणि शौर्यपदक मिळवून तो पुन्हा कॅमेऱ्याकडे परतला.

1952 च्या ‘मूलाँ रूज’साठी दिग्दर्शक जॉन ह्यूस्टनला चित्रकार तुलूज-लोत्रेकच्या पोस्टरांसारखे रंग हवे होते. रंगीत चित्रीकरण आणि छपाई करणाऱ्या टेक्निकलर कंपनीची सारी प्रतिष्ठा मात्र स्वच्छ, झळझळीत रंगांवर उभी होती. मॉरिसने बाहेरच्या धुक्याच्या दृश्यांसाठी असलेले जाड फिल्टर स्टुडिओच्या आत भिंगावर चढवले, सेटवर धूर सोडला आणि सावल्यांत रंगीत प्रकाश टाकला. टेक्निकलरच्या कॅमेऱ्यात तीन फिती एकाच वेळी धावत आणि प्रिझममधून विभागलेला प्रकाश प्रत्येकीच्या वाट्याला थोडाच येई, त्यामुळे दिव्यांचा मारा प्रचंड असे. तशा उजेडात धुराची दाटी एका टेकपासून दुसऱ्या टेकपर्यंत सारखी ठेवणे किती कठीण, हे तुला मी सांगायला नको. कंपनीने कडाडून विरोध केला. या चित्रपटाला कलादिग्दर्शन आणि वेशभूषा यांचे ऑस्कर मिळाले, छायालेखनाचे साधे नामांकनही नाही. मला याचा अजून राग येतो.

त्याहून धाडसाचे काम 1956 च्या ‘मोबी डिक’चे, आणि ते आमच्या खात्यातले. टेक्निकलरच्या छपाईत निगेटिव्हवरून जिलेटिनचे तीन उठावदार साचे तयार होत. एक साचा निळसर-हिरवा, एक किरमिजी आणि एक पिवळा रंग पिऊन, कापडावर ठसे उमटवावेत तसा कोऱ्या फितीवर दाबला जाई. मॉरिसने लंडनच्या लॅबला हाताशी धरून हे रंग फिके केले आणि त्यांत त्याच चित्राची करडी, कृष्णधवल प्रतिमा मिसळली. देवमाशांच्या शिकारीची जुनी खोदचित्रे दिसतात तसा समुद्र त्यातून पडद्यावर आला. ठसा केसभर सरकला तरी कडांना रंगाची झालर येते. तिथे आणखी एका प्रतिमेची भर घालायला लॅब राजी झाली, यातच त्या माणसाचे वजन कळते.

‘फिडलर ऑन द रूफ’ (1971) तू पाहिला आहेस. त्यातला मातकट उबदारपणा भिंगावर ताणलेल्या तपकिरी नायलॉनच्या स्टॉकिंगमधून आला, आणि ऑस्कर मिळाले ते यासाठी. सोपी युक्ती जिंकली आणि अवघड राहून गेली, असे मला वाटते. पण त्याच माणसाने ‘लोलिता’ साध्या कृष्णधवलात चित्रित केला होता, तेव्हा युक्तीचा सोस त्याला होता असे कोणी म्हणू नये.

आता तुझ्या मित्रांच्या मुद्द्याकडे येतो. स्टॉकिंगचा रंग निगेटिव्हवरच उतरला, त्यामुळे तो पुसता येत नाही. ‘मोबी डिक’चा करडेपणा मात्र छपाईत होता आणि निगेटिव्हमध्ये नेहमीचेच रंग राहिले, त्यामुळे पुढे निगेटिव्हवरून काढलेल्या प्रतींत तो चित्रपट चारचौघांसारखा रंगीत दिसू लागला आणि मूळ रूप नव्याने जुळवून आणावे लागले. तेव्हा तो पाहायला बसण्याआधी प्रत कोणती आहे याची चौकशी कर, आणि जमल्यास मित्रांना दोन्ही प्रती शेजारी शेजारी लावून दाखव.

तुझे,
बाबा