औटकी कॅल्क्युलेटरने नाही मारली

मा. संपादक,
स. न. वि. वि.

'कॅल्क्युलेटर आणि मोबाइल आले आणि पावकी, दीडकी, औटकी (म्हणजे पावाचा, दीडाचा, साडेतीनाचा पाढा) गेली, औटकी पुन्हा शाळेत आणा' अशा आशयाचे एका वाचकाचे पत्र आपल्या अंकात वाचले. हळहळ पटली, आरोपी चुकला.

आमचे कराडजवळच्या गावात किराणा दुकान होते. साडेतीन आणे शेराने सात शेर ज्वारी मोजली की वडील पायली खाली ठेवायच्या आत आकडा सांगत: सात औट साडेचोवीस. साडेचोवीस आणे, म्हणजे दीड रुपया दोन पैसे. रुपयाचे सोळा आणे, आण्याचे चार पैसे. सगळा व्यवहारच पाव-अर्ध्याचा, म्हणून पाढेही पाव-अर्ध्याचे.

1 एप्रिल 1957 ला रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. मी तेव्हा बारा वर्षांचा. एक आणा म्हणजे सव्वासहा नवे पैसे, पण पाव पैसा द्यायचा कुठून? म्हणून एका आण्याला सहा, दोनला बारा, तिनाला मात्र एकोणीस असा तक्ता. गिऱ्हाईक भांडायचे. साडेतीन आणे भावाचे बावीस पैसे झाले आणि हिशेब बावीसच्या साध्या पाढ्यावर आला: बावीस साती एकशे चोपन्न. जवळजवळ एक पैसा आमच्याकडे जास्तच राहिला म्हणा! औटकीला काम उरले नाही. पुढच्या वर्षापासून शेराच्या जागी किलोही येऊ लागला.

खिशात मावणारा पहिला सायंटिफिक कॅल्क्युलेटर, एचपी-35, अमेरिकेतच 1972 साली आला. मी पहिला कॅल्क्युलेटर पाहिला 1980 च्या सुमारास, तोही साहेबांच्या टेबलावर. हात लावायची सोय नव्हती. त्याच्या कितीतरी आधीच धाकट्या भावाच्या वर्गात औटकी म्हणणे बंद झाले होते.

म्हणून औटकी पुन्हा शाळेत आणा या मागणीला माझा पाठिंबा नाही. साडेतीनपटीने आज कोण काय विकतो? दीडकी आणि अडीचकी मात्र ठेवावी, कारण ते शब्द अजून बाजारात चालतात. परवा भाजीवाल्या बाईंनी 'अडीच किलो, चाळीसने' म्हटले आणि पाचवीतला नातू मला विचारतो, "आजोबा, अडीच म्हणजे टू पॉइंट फाइव्ह ना?" तोवर बाईंनी शंभराची नोट घेऊन कनवटीला लावली होती.

आपला,
एक निवृत्त लेखापाल, कराड